तात्पुरतं संगीत

लिफ्टचं दार बंद झालं तेव्हा आत ती होती, तिच्या हातात चहाचा थर्मास होता आणि समोर माणसापेक्षा उंच असं काहीतरी काळ्या खोळीत उभं होतं. कुणीतरी कपाट वर पाठवलं असावं असं समजून तिने चौथ्या मजल्याचं बटण दाबलं. लिफ्टने सवयीप्रमाणे हिसका दिला आणि ते कपाट सावकाश तिच्या अंगावर कललं. आता थर्मास सांभाळायचा की कपाट... तिने कपाटाला मिठी मारली. आतून एक खोल हुंकार निघाला. तो कानांच्या आधी तिच्या बरगड्यांना कळला.

दार उघडलं तरी ती तशीच उभी होती. जिन्यावरून एक तरुण धापा टाकत वर आला. हातात वाद्य वाजवायचा एक जाडजूड गज, पावसाने कपाळाला चिकटलेले केस.

"माझं वाद्य पळवलंत तुम्ही," तो म्हणाला.

"मी? अहो, यानेच मला धरून ठेवलंय."

"नशीबवान आहे." बोलून गेल्यावर त्याचे कान लाल झाले. "म्हणजे... त्याला तिसऱ्यावर उतरायचं होतं. मी गज आणायला मागे वळलो, तेवढ्यात –"

"आधी माणसाने चढावं, मग सामान."

"दोघं एकदम मावत नाहीत. कुणीतरी एकाने जिन्याने यावं लागतं. आजवर तरी मीच येत आलोय."

ती हसली. थर्मास त्याच्या हातात देऊन तिने वाद्य त्याच्या खांद्यावर टेकवलं. परत जाताना तो थर्मास घेऊनच गेला, आणि तो परत करायला त्याला पुन्हा वर यावं लागलं. हे विसरणं होतं की काय होतं, ते त्याने पुढे कधीच कबूल केलं नाही.

तिसऱ्या मजल्यावर रेकॉर्डिंगचा स्टुडिओ होता, चौथ्यावर सिनेमाच्या संकलनाच्या खोल्या. ती संकलक होती. सगळे तिला कात्री म्हणत, जरी या धंद्यातून कात्री कधीच हद्दपार झाली होती आणि तिचं सगळं काम कॉम्प्युटरवर चालायचं. तो एका गायकाच्या बँडमध्ये डबल बेस – ते खोळीतलं माणसापेक्षा उंच, खालच्या सुरांचं व्हायोलिन – वाजवायचा. त्याला बँडवाले खर्ज म्हणत. त्याचा बोलण्याचा आवाजही तसाच होता, विहिरीच्या तळाशी कुणी बादली टेकवावी तसा.

गाणं, ढोल, गिटार – स्टुडिओच्या भिंती सगळं अडवून धरत. खालचे सूर मात्र भिंतींना जुमानत नाहीत. ते जमिनीतून वर येत आणि तिच्या टेबलावरच्या कपात चहावर बारीक वर्तुळं उमटत. दोन-तीन दिवस तिने ती नुसती पाहिली. मग तो जिन्यात भेटला तेव्हा म्हणाली, "तुमच्यामुळे माझा चहा थरथरतो."

"तक्रार आहे?"

"नोंद आहे."

"मग रोज वाजवायला हवं."

असं सुरू झालं. बँडवाले दुपारी जेवायला गेले की तो वर यायचा. तिच्या मागच्या स्टुलावर बसून, तिचं काम बघत, गुडघ्यावर बोटांनी ताल धरायचा. ती एका रेल्वेतल्या निवृत्त सिग्नलमनचा सिनेमा जोडत होती. म्हाताऱ्याला मुलगी आपल्या घरी न्यायला येते, त्याची खोली आवरते, सामान खाली जातं... आणि शेवटी तो उघड्या पलंगाच्या कडेवर एकटाच बसतो. एवढंच दृश्य. पण त्यात सगळा सिनेमा होता.

"याच्याखाली हे पियानोचं संगीत कुणाचं?" त्याने विचारलं.

"कुणाचंही. तात्पुरतं आहे. चित्र कच्चं असतं तेव्हा बघणाऱ्याला अंदाज यावा म्हणून खाली काहीतरी घालून ठेवतात. खरं संगीत आलं की हे जातं."

"बिचारं. म्हणजे नुसतं जागा धरून बसायचं."

"तुम्हाला बरी दया आली."

"मी तेच करतो ना गेली कित्येक वर्षं. डावीकडे, मागे, अंधारात. बेसवाल्याकडे कुणी बघत नाही. तो थांबला की मात्र सगळे मागे वळून बघतात." मग जरा थांबून, "मला एकदा सिनेमाला संगीत द्यायचंय. अख्ख्या. कुणाच्या गाण्याखाली नाही... कुणाच्या तरी चेहऱ्याखाली."

तो हे पडद्याकडे बघत म्हणाला. ती त्याच्याकडे बघत होती.

दुसऱ्या दिवशी तिने त्याला वाद्य वर आणायला लावलं. "हात मोकळा करायला सकाळी जे वाजवता ना, हळू हळू, गजाने... तेच वाजवा." त्याने डोळे मिटून वाजवलं. लांब, जड सूर, एकेक श्वासाएवढा. तिने ते टिपून घेतलं आणि म्हाताऱ्याच्या दृश्याखाली घातलं.

तिला काम शिकवणाऱ्या गुरूंचा एकच दंडक होता – आधी चित्र मुकं कापायचं. मुकं उभं राहिलं तरच त्याला आवाज द्यायचा. इतकी वर्षं तिने तो पाळला होता. त्या दुपारी तिने तो मोडला. गज जिथे वळला तिथे तिने चित्र कापलं, सूर जिथे विरला तिथे चेहरा सोडला. का मोडला, ते तिला तेव्हाही ठाऊक होतं.

दिग्दर्शिकेने दृश्य पाहिलं. तिला सगळे ताई म्हणत. कौतुकाच्या बाबतीत ताईंचा हात आखडता. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "कोण वाजवतंय हे?"

"खालच्या मजल्यावर असतो."

"वर बोलव त्याला."

आठवडाभरात तो सिनेमाचा संगीतकार झाला. गायकाला त्याने सांगितलं, आता मी जातो. गायक म्हणाला, जा. एवढ्या वर्षांच्या सोबतीला तो एकच शब्द पुरला.

पुढचे दिवस चांगले होते. दुपारचा चहा दोघांत एकाच कपातून कधी होऊ लागला आणि "तुम्ही"चं "तू" कधी झालं ते दोघांनाही सांगता आलं नसतं. रिमझिम असली की तो तिला स्टॉपपर्यंत सोडायचा. छत्री एकच घ्यायची आणि ती लहान असल्याबद्दल दोघांनी कुरकूर करायची.

"तू मला कधी कापशील?" त्याने एकदा विचारलं.

"तू लांबलास की."

"मग मी आखूडच राहतो..."

तिच्या आईच्या नजरेतून काही सुटत नव्हतं. आयुष्यभर शाळेच्या प्रयोगशाळेत काचेच्या नळ्या सांभाळलेली बाई ती. "हल्ली तू गुणगुणत नाहीस," ती म्हणाली, "घुमतेस. पारव्यासारखी. मुलगा उंच आहे का?"

"त्याचं वाद्य उंच आहे."

"म्हणजे मुलगा आहे."

मग एक दिवस तो जिना चढता चढता मध्येच थांबला. तो स्वतःशी गुणगुणत होता, आणि वेग जरा वाढला होता एवढंच. तिच्या खोलीत आला तेव्हा चेहरा उतरलेला होता.

"ते माझं नाहीये."

"काय?"

"दृश्याखालचं. ते आमच्या जुन्या गाण्याच्या खालचं आहे. मी रोज वाजवायचो ते. हात मोकळा करताना संथ करून, गजाने... मलाच ओळखू आलं नाही."

"पण खालचं तूच रचलं होतंस ना?"

"मीच. पण गाणं त्याच्या नावावर आहे. खालचं कुणी वेगळं लिहून ठेवत नाही, कात्री. ते गाण्यातच धरतात."

तो गायकाकडे परवानगी मागायला गेला. गायकाने त्याला बसवलं, पाणी दिलं आणि सांगितलं, "गाणं माझं आहे. तू खाली वाजवत होतास." नाही म्हणताना त्याने आवाजही चढवला नाही.

म्हणजे आता नवं करायचं. त्यात काय, असं दोघंही एकमेकांना म्हणाले. त्याने व्हायोलिनं बसवून पाहिली. पियानो, बासरी... बेस तर त्याने हातातही घेतला नाही. आता तो संगीतकार होता, मागे अंधारात उभा राहणारा नव्हता. दर वेळी ताई ऐकायच्या, मान हलवायच्या. "छान आहे. पण ते आधीचं होतं ना... तसं नाही बसत."

बसणार कसं? कात्रीला ते दुसऱ्या खेपेलाच कळलं होतं. प्रत्येक कापाची लांबी त्या जुन्या गजाची होती. ते दृश्य म्हणजे एकाच्याच मापाने शिवलेला अंगरखा झाला होता. त्यात दुसरं कुठलंही संगीत लंगडणार. चूक त्याची नव्हतीच. ती तिच्या बोटांची होती, आणि हे जगात फक्त तिला माहीत होतं.

ती बोलली नाही. बोलायचं तर "का मोडलास नियम" याचं उत्तर द्यावं लागलं असतं... आणि ते तिने अजून त्यालाच सांगितलं नव्हतं.

त्याची दाढी वाढली. बोटांचा ताल थांबला. छत्रीत तो आता निम्मा बाहेर चालायचा आणि खांदा भिजला तरी त्याला कळायचं नाही.

"बँडमध्ये परत...?" तिने एकदा चाचरत विचारलं.

"दुसरा घेतला त्यांनी. चांगला आहे. मी ऐकला."

ताई म्हणाल्या, "शुक्रवारी शेवटचं ऐकते. नाहीतर दुसऱ्या कुणाला तरी बघावं लागेल. मलाही बरं वाटत नाहीये हे."

गुरुवारी सकाळी कात्री कुणीही येण्याआधी खोलीत आली. तिने दृश्याखालचा सगळा आवाज बंद केला आणि ते पहिल्यापासून, मुकं, कापायला घेतलं. दृश्य मोकळं केलं की त्याच्या नव्या संगीताला पाय टेकायला जागा मिळेल, इतका साधा हिशेब होता. म्हातारा पलंगापर्यंत येतो. बसतो. गादी नाही, हे त्याच्या हाताला आधी कळतं. हात तिथेच राहतो... ती जिथे आधी कापायची तिथे आता कापवेना. तो हात तसाच राहू द्यावासा वाटला. तिने राहू दिला.

जोडून झाल्यावर तिने ते सलग पाहिलं आणि मांडीवर हात ठेवून बसून राहिली.

दृश्य उभं राहिलं होतं. त्याला कशाचीच गरज नव्हती.

जुनं जोडकाम तिच्याजवळ होतंच. एक बटण दाबलं असतं तर हे नवं कुणी पाहिलंही नसतं. तिने बोट त्या बटणावर नेलं, तिथे ठेवलं आणि मागे घेतलं. ताई आल्या तेव्हा तिने त्यांना दोन्ही दाखवलं.

ताई हळूच म्हणाल्या, "इथे संगीत नकोच." आणि थोड्या वेळाने, "आता मला आधीची दोन ठिकाणंही खटकतायत गं..." दुपारपर्यंत त्याचं संगीत फक्त शेवटच्या नामावलीखाली उरलं. मग ताई म्हणाल्या, तिथे एकटं चिकटवल्यासारखं वाटतंय. आणि ते खरं होतं.

तो संध्याकाळच्या आत आला. दाढी केली होती. "जमलं," तो म्हणाला. दारातच, हातात पेनड्राइव्ह. "या वेळी जमलंय. बेस आहे यात. दुसरं काहीच नाही."

तिने त्याला स्टुलावर बसवलं आणि काही न सांगता दृश्य लावलं. तिला वाटलं तो मध्येच उठेल. तो उठला नाही. म्हाताऱ्याचा हात पलंगाच्या फळीवर राहिला तेव्हा त्याचा स्वतःचा हातही गुडघ्यावर तसाच राहिला.

"बरोबर आहे," तो शेवटी म्हणाला.

"खर्ज..."

"नाही, खरंच. बरोबर आहे. तू चुकली असतीस तर बरं झालं असतं. भांडता तरी आलं असतं."

"मी तुझ्यासाठी करायला गेले होते. आधीचं जोडकाम माझं चुकलं होतं, तुझ्या गजावर कापलं होतं मी सगळं. म्हणून तुझं नवं काही बसत नव्हतं."

"का कापलंस?"

तिने दृश्य पुन्हा सुरुवातीला नेऊन ठेवलं. त्याने वाट पाहिली, मग नजर वळवली.

"ते ऐकव ना मला," ती पेनड्राइव्हकडे बघत म्हणाली.

"नको. चांगलं निघालं तर तुला वाईट वाटेल. वाईट निघालं तर मला." त्याने तो खिशात टाकला.

एका दूरच्या शहरात एक म्हातारे संगीतकार होते. त्यांना मदतनीस हवा होता – वादकांसाठी सुरावटी लिहून काढायला, आणि गरज पडली तर मागे उभं राहून वाजवायला. खर्जने होकार कळवला. तिला त्याने ते जिन्यात सांगितलं, खाली बघत, एखाद्या किरकोळ गोष्टीसारखं.

इकडे दृश्य मुकं झाल्यावर एक वेगळीच अडचण उभी राहिली. सिनेमातली शांतता म्हणजे आवाज नसणं नव्हे. आवाज साफ काढला तर बघणाऱ्याला वाटतं यंत्र बिघडलं. त्यासाठी खोलीची आपली अशी शांतता वेगळी टिपतात आणि दृश्याखाली अंथरतात. इथे संगीत येणार असं सगळे धरून चालले होते, म्हणून ती कुणी टिपलीच नव्हती. आणि सेट तर कधीच मोडला होता.

"रिकामी खोली हवीय," ती त्याला म्हणाली. "पडदे नसलेली. पलंग असेल तर बरं."

"माझी ये बघायला," तो म्हणाला. "कालच सगळं बांधलंय."

ती माइक घेऊन गेली. खोलीत उघडा पलंग, भिंतीवर खिळे, कोपऱ्यात खोळीतलं वाद्य. पाऊस थांबून नुकतंच ऊन पडलं होतं. तो खिडकीच्या कट्ट्यावर बसला.

"मी बाहेर जाऊ?"

"दार वाजेल. बस तिथेच. मिनिटभर हलू नकोस."

तिने हेडफोन लावले. खोली कानात भरली. लाकूड, भिंती, कुठेतरी लांबचा नळ... आणि त्याचा श्वास. खांद्यावर डोकं ठेवलं असतं तरी इतक्या जवळून ऐकू आला नसता. मध्येच त्याने श्वास आत ओढला, बोलायच्या आधी माणूस ओढतो तसा. तिने वर पाहिलं. तो तिच्याकडेच बघत होता.

बोट बटणावर होतं. थांबवलं असतं तर तो बोलला असता. तिने थांबवलं नाही. धंद्याची सवय... किंवा भीती. तो श्वास त्याने हळूहळू सोडून दिला.

"झालं," ती म्हणाली. "काय म्हणत होतास?"

"काही नाही. तुझं काम झालं ना?"

खाली गाडी आली होती. दोघांनी मिळून मागच्या सीट पाडून वाद्य आत आडवं केलं. त्याने तिचा हात हातात घेतला, बोटं एकदा घट्ट दाबली आणि सोडली. गाडी वळेपर्यंत तिला म्हणण्यासारखं पुष्कळ सुचलं. वळल्यावर तर आणखीच सुचलं.

महिन्याभराने आवाजाची शेवटची जुळणी होती. ध्वनिमिश्रण करणारे गृहस्थ बारीक कानाचे. त्यांनी दृश्य थांबवलं. "इथे कुणीतरी श्वास घेतंय हो. बोलणार असल्यासारखा. काढू?"

"पुन्हा लावा."

त्यांनी लावलं. तिने आणखी एकदा लावायला सांगितलं. पडद्यावर म्हातारा एकटा होता. त्याला त्या खोलीत इतकं एकटं करायला तिचे कितीतरी दिवस गेले होते. आणि त्याच्या शेजारी कुणीतरी बसलं होतं... काहीतरी म्हणणार होतं. ते खोटं होतं. त्या दृश्यासाठी ते खोटं होतं.

"काढा," ती म्हणाली.

श्वास गेला. तिच्या डोळ्यांदेखत, पडद्यावरच्या आवाजाच्या पट्टीतली एक बारीक टेकडी सपाट झाली.

ती बाहेर आली, जिन्यात भिंतीला टेकून उभी राहिली आणि तिने फोन लावला.

"कात्री?" मागे वाद्यं जुळवल्याचा गलका होता.

"दोनदा काढलं मी तुला त्या सिनेमातून," ती म्हणाली. "दोन्ही वेळा बरोबर होते. पण आता माझ्याच्याने नाही होत. तू आवडतोस मला. म्हणून कापलं होतं गजावर. तू विचारलंस तेव्हा सांगायला हवं होतं."

"मग त्या दिवशी खोलीत का नाही बोललीस?"

"रेकॉर्डिंग चालू होतं."

तो हसला. ते हसू निम्म्यावर आलं आणि तिथेच अडकलं.

"तू काय म्हणणार होतास?"

"'थांब म्हण', एवढंच म्हणणार होतो."

"थांब."

"आता?" तो म्हणाला. तिला त्याचा आवाज नीट ओळखू येत नव्हता. "आता मी इथे आहे, कात्री. सगळे जागेवर बसलेत. माझ्यासाठीच थांबलेत."

"बरं."

"फोन ठेवू नकोस. मी स्टँडवर ठेवतो, चालूच. नंतरचं... नंतर बघू. आत्ता ठेवू नकोस."

खुर्च्या करकरल्या, कागद उलटले, कुणीतरी हलक्या आवाजात मोजलं आणि सगळे एकदम सुरू झाले. व्हायोलिनं आली. बासऱ्या आल्या. त्यांच्यावरून एक तुतारी चढत गेली.

फोनमधून खालचे सूर येत नाहीत, हे तिला माहीत होतं. आवाज फोनवरचा वाटावा म्हणून त्याचा तळ काढून टाकायचा, हे काम तिने स्वतः कितीतरी सिनेमांत केलं होतं. पलीकडे फोनच्या सगळ्यांत जवळ तोच उभा होता, आणि त्याच्याखेरीज सगळे ऐकू येत होते.

तिने दुसरा कान हाताने झाकला आणि ती ऐकत राहिली.